कुलगुरूंच्या मिरच्या

निशाणी ७. मातीचा घडा, एक. तोंडाला फडकं, फडक्यावर सुतळी, सुतळीवर लाख. आत एकशे तेरा मिरच्या.

घडा कोर्टात आला तो असा.

नंदुरबार तालुक्यातल्या तापीकाठच्या काही गावांनी वर्गणी काढून एक लोकविद्यापीठ उभं केलं होतं. १९३८ च्या पौषात त्याचे पहिले कुलगुरू वारले. नवा कुलगुरू वर्गणीदारांनी निवडावा, घरटी एक मत, एवढं घटनेत होतं. कसा निवडावा, ते लिहायचं राहून गेलं होतं. घरं एकशे तेरा. सही येणारी तीसेक.

म्हणून मिरच्या. भाईदास पाटलांना मत द्यायचं तर घड्यात लाल टाकायची, हन्नाबाईंना द्यायचं तर हिरवी. भाईदास मोठे बागायतदार, विद्यापीठाचे चिटणीस. हन्नाबाई नवापूरकडच्या डोंगरातल्या, नऊ वर्षं तिथं शिकवणाऱ्या. दोन्ही रंगांच्या मिरच्या भाईदासांच्याच मळ्यातून आल्या, फुकट.

सर्वांसमोर मोजणी झाली. हिरव्या एकसष्ट, लाल बावन्न.

तिसऱ्या दिवशी भाईदासांनी दावा लावला. मोजणी खोटी, निवड बेकायदा. अर्जात एक विनंती: मिरच्या पुन्हा घड्यात घालून घडा सीलबंद करावा आणि तो भर कोर्टात उघडावा. कोर्टाला ती रास्त वाटली. तारीख बारा दिवसांनंतरची पडली.

(नोंद नाही: भाईदासांनी आधीच सांगून ठेवलं होतं की, कुलगुरू झालो की डोंगरातल्या पोरींचं वसतिगृह बंद, तिथं कापूस ठेवू. वसतिगृहात एकवीस मुली होत्या. त्या बारा दिवसांत हन्नाबाईंनी त्यांना बीजगणित शिकवलं.)

बाराव्या दिवशी बेलिफाने लाख फोडली. घडा चटईवर पालथा केला.

सगळ्या लाल.

मुन्सफ कोकणातले. मिरची त्यांनी फोडणीतच पाहिलेली.

"एकशे तेराही मतं वादीला?" त्यांनी विचारलं.

भाईदासांचे वकील उठले. "पुरावा समोर आहे, साहेब."

मागून कोणीतरी फिसकन हसलं. मग सगळं कोर्टच हसायला लागलं, कारण खेड्यावरून आलेल्या प्रत्येकाला ठाऊक होतं ते एकट्या साहेबांना ठाऊक नव्हतं. पाक धरलेली, म्हणजे पिकायला लागलेली हिरवी मिरची ढिगात दाबून ठेवली की चार दिवसांत लाल होते. बाजारात आणायच्या आधी सगळे तेच करतात.

हन्नाबाईंना वकील नव्हता. त्या स्वतः उभ्या राहिल्या.

"भाईदासभाऊ, तुम्ही मिरची कधीपासून लावता?"

"तीन पिढ्या."

"मग घडा बंद ठेवला तर आत काय होईल, हे तुम्हाला ठाऊक होतं?"

निशाणी ११, वादीची उलटतपासणी, या प्रश्नापुढे: *वादी वकिलांकडे पाहतो.*

"साहेब, माझी एक साक्षीदार आहे," हन्नाबाई म्हणाल्या. "तिला वाचता येत नाही. पण या मिरच्या तिला वाचता येतील."

निशाणी १२. गजराबाई, धंदा मजुरी, राहणार नंदुरबार. मिरची वाळवतात त्या मोकळ्या मैदानावर, पथारीवर, देठ खुडते.

नोंद: *साक्षीदार सांगते की, झाडावर पिकलेली व ढिगात पिकलेली मिरची तिला ओळखता येते.*

ती म्हणाली ते असं: "बारा वरीसनी व्हतू तवयपाईन देठ खुडस मी, साहेब. हाई झाडवर पिकनी. दाट लाल शे, कातडं जाड. हाई ढिगमा पिकनी. वरतीन लाल, पन मजार बिया कोवळ्या. फोडी दखा ना."

साहेबांना राहवलं नाही. त्यांनी दोन्ही फोडल्या, बिया जवळून पाहिल्या, आणि विचारात पडून डोळा चोळला.

नोंद: *साहेबांच्या प्रकृतीमुळे कामकाज तासभर तहकूब.*

तासाभराने, डोळ्यावर ओला रुमाल धरून, ते परत आले. आता त्यांना सगळंच हवं होतं. त्यांनी शिपायाला बाजारात पाठवून झाडावर पिकलेल्या दहा मिरच्या आणवल्या, प्रत्येकीच्या देठाला आतून शाईचा ठिपका दिला आणि गजराबाईला न सांगता मिसळून टाकल्या.

ती बसली. बोटं चालू लागली. एक ढीग डावीकडे, एक उजवीकडे, थोड्या समोर. मध्येच थांबली.

"साहेब, ह्या दहा कोना शेत? ह्या आते बजारमाईन उनात. घडामा ऱ्हायल्या नहीत."

ठिपके तपासले. बाजारातल्या दहाच्या दहा.

साहेब रुमालामागून हसले. (नोंद नाही.)

निशाणी १३, मोजणीचा तक्ता. ढिगात पिकलेल्या, म्हणजे मुळात हिरव्या: सत्तावन्न. झाडावर पिकलेल्या: पन्नास. सडलेल्या, ओळखता न येणाऱ्या: सहा.

भाईदासांचे वकील चटकन उठले. "सहा मतांचा निकाल लागत नाही, साहेब. निवड रद्द करावी."

हन्नाबाईंनी बोटांवर हिशेब केला नाही. "सहाही त्यांच्या धरा," त्या म्हणाल्या. "छप्पन्न होतात."

कोर्टाने तसंच धरलं. हन्नाबाई एका मताने कुलगुरू.

भाईदास म्हणाले, धुळ्याला अपील करू. तेव्हा प्रश्न आला, तोवर पुरावा जपायचा कसा. घड्यात तो सडला असता. हुकूम झाला: मिरच्या गजराबाईच्या देखरेखीखाली पथारीवर वाळवाव्यात, ढीग वेगळे ठेवून, शेजारी एक शिपाई.

तसं झालं. मैलभर लाल मैदान, आणि त्यात कोर्टाच्या मालकीचा फडक्याएवढा तुकडा. वसतिगृहातल्या मुली तो बघायला आल्या. हन्नाबाईंनी त्यांना ढीग मोजायला लावले.

चौथ्या दिवशी दुपारी भाईदास एकटेच आले. शिपाई उभा राहिला. ते ढिगांकडे गेलेच नाहीत. बाजूला केळीच्या पानावर त्या सहा काळ्या पडलेल्या मिरच्या होत्या, तिथं उकिडवे बसले. एक उचलली, उलटीपालटी केली, नाकाशी धरली: आपली, की हन्नाबाईंची?

"गजराबाई," ते हळूच म्हणाले, "यासमा मन्ह्या कितल्या?"

गजराबाईने देठ खुडणं थांबवलं नाही.

"मळा तुन्हा शे, भाऊ. तूच सांग."

त्यांनी ती मिरची जिथली तिथं ठेवली. अपिलाची मुदत निघून गेली.