एलाडिओचा खांदा

मर्ल स्टकीला दिसत नव्हतं, आणि संघात ही गोष्ट फक्त मर्ल स्टकीलाच ठाऊक होती.

अगदी आंधळा नव्हता तो. बस चुकायची नाही, ताटातलं मांस नीट कापता यायचं, बायकोची पत्रं नाकाला लावून का होईना वाचून व्हायची. दुसऱ्या कुठल्याही धंद्यात खपून गेलं असतं. पण तो बेसबॉलमधला पिचर होता, चेंडू टाकणारा. पिचरला साठ फुटांवर, बॅटरच्या मागं उकिडव्या बसलेल्या कॅचरच्या मांड्यांमधली बोटं दिसावी लागतात. एक बोट म्हणजे सरळ, जोरातला चेंडू. दोन बोटं म्हणजे वळून खाली पडणारा. मागितला तोच टाकायचा, कारण कॅचरनं हात तिथंच धरलेला असतो. त्यानं वळता मागितला आणि तुम्ही ताशी नव्वद मैलांचा सरळ सोडलात, तर त्याचं बोट तरी जातं, नाहीतर गळा.

गेल्या ऑगस्टात एका बॅटरनं हाणलेला चेंडू तसाच उलटा येऊन मर्लच्या डाव्या डोळ्याखाली बसला होता. हाड जुळलं. डोळ्याच्या आत मात्र डाग राहिला, तोही बरोब्बर मधोमध. ज्याच्याकडं बघावं तेच पुसलं जायचं. उजवा डोळा लहानपणापासून मंद, सगळा कारभार डाव्यावरच चालायचा. घरी कॅन्ससला गेल्यावर त्यानं गुपचूप एका डॉक्टरला दाखवलं. डॉक्टर म्हणाला, चष्म्यानं काही होणार नाही. मर्लनं तो कागद गाडीतच फाडला आणि मार्चमध्ये संघाच्या तपासणीला पुढच्या माणसांनी वाचलेली अक्षरं ऐकून पाठ केली. आपली पाळी आल्यावर पाढ्यासारखी म्हणून दाखवली.

"गरुडाचा डोळा आहे याचा!" संघाचा डॉक्टर म्हणाला. रांग हसली. मर्लही हसला. काखेतून घामाची धार कमरेपर्यंत गेली होती.

का केलं? तर बारा दिवसांसाठी.

तेरा वर्षांत अकरा संघ झाले होते त्याचे. एकदा तर तो आंघोळ करत असताना विकला गेला होता, ओल्या डोक्यानंच दुसऱ्या गावच्या बसमध्ये चढला. सगळ्यात वरच्या लीगमध्ये त्रेचाळीस दिवस भरले की खेळाडूला म्हातारपणी पेन्शन मिळतं. मर्लचे एकतीस भरले होते, तेही तीन तुकड्यांत. त्रेचाळीसच का, तीस का नाहीत, हे विचारायची सोय नव्हती. ज्यांचे खांदे झिजतात ते नियम करत नाहीत, आणि जे नियम करतात त्यांचे खांदे कोटाच्या आत मऊ असतात. सप्टेंबर लागला की वरचे संघ खालून जास्तीची दोन-चार माणसं बोलावतात. आज होता ऑगस्टचा अठ्ठाविसावा दिवस, साल अठ्ठ्याऐंशी, रविवार. ओक्लाहोमातल्या बार्टन गावच्या मैदानात जाळीमागं वरच्या संघाचा माणूस पांढरी टोपी घालून, वही घेऊन बसला होता. मर्ल चौतीस वर्षांचा होता. पुढच्या वर्षी त्याला कोण बोलावणार?

अख्खा सीझन त्यानं बोटं न बघता काढला होता, एलाडिओच्या खांद्यावर.

एलाडिओ पेगेरो हा त्याचा कॅचर, दक्षिणेकडच्या एका बेटावरच्या सान पेद्रो गावचा, काळ्या वर्णाचा, दगडी छातीचा आणि सदा बडबडणारा. वळता चेंडू मागायचा असला की त्याचा उजवा खांदा चार बोटं खाली जायचा, सरळ मागताना तो ताठ बसायचा. त्याला स्वतःला याचा पत्ता नव्हता. मर्लला मेमध्येच ते सापडलं. बोटं पुसली जायची, पण एवढा रुंद खांदा डागाच्या कडेला दिसायचाच. बुडत्याला काडीचा आधार म्हणतात, याला तर ओंडका मिळाला होता.

त्या रविवारी दुपारी, सामन्याच्या अर्धा तास आधी, मॅनेजर गॅफ्नी कपडे बदलायच्या खोलीत आला. तोंडात तंबाखूचा तोबरा, हातात पेला.

"पेगेरो, समोरच्यांचा कोच काल पूर्ण सामनाभर काय वाचत होता, ठाऊक आहे?"

"बायबल, बॉस?"

"तुझा खांदा. वळता मागताना तू उजवीकडं झुकतोस. त्यानं टाळी वाजवली की बॅटरला कळतं. शेंबडं पोर ओळखेल असं करतोस तू!"

एलाडिओचं तोंड उघडं पडलं. "आईशप्पथ बॉस, मला माहीतच नव्हतं."

"आता झालं ना माहीत? आजपासून दगड व्हायचं. हललास तर पुढच्या बसनं तुझ्या बेटावर."

मर्ल बुटाची नाडी बांधत होता. ती त्यानं बांधली, सोडली, परत बांधली. एलाडिओ आरशासमोर उकिडवा बसून बोटं दाखवून बघत होता. एक, दोन, एक. खांदा जागचा हलत नव्हता. पठ्ठ्या कामाचा पक्का होता.

"बघ म्हाताऱ्या, आलं की नाही?"

"आलं," मर्ल म्हणाला आणि पुन्हा नाडीकडं वळला.

पहिले चार डाव त्यानं कसे काढले ते त्याचं त्याला ठाऊक. ऊन होतं. एलाडिओच्या गुडघ्याकडं तिरकं बघितलं की बोटांचा एक कोपरा डागाबाहेर यायचा. अर्धं त्या कोपऱ्यावरून, अर्धं अंदाजानं. तेरा वर्षांत कुठल्या वेळी कॅचर काय मागतो एवढं कळायला लागतंच. प्रत्येक चेंडू सोडताना मर्ल श्वास धरायचा, आणि तो एलाडिओच्या ग्लोव्हमध्ये चटकन वाजला की सोडायचा. समोरच्यांना एकही धाव मिळाली नव्हती. लोक टाळ्या वाजवत होते. त्या टाळ्यांनी त्याला जास्तच धडकी भरत होती.

पाचव्या डावात प्रेक्षकांच्या छपराची सावली पुढं सरकली. मर्ल उन्हात, एलाडिओ अंधारात. गुडघा दिसेना, कोपरा दिसेना. त्यानं मनाशी ठरवलं, सरळ असणार. आणि सोडला.

आवाजच वेगळा आला. एलाडिओ डाव्या हातातला ग्लोव्ह टाकून उघडा उजवा हात मांड्यांत दाबून बसला होता. मग उठला आणि पिचर उभा राहतो त्या मातीच्या उंचवट्यावर आला. अंगठा नखाखाली काळानिळा पडायला लागला होता.

"काय रे म्हाताऱ्या, मी दोन दाखवली होती."

"एक वाटलं."

एलाडिओनं मागं सावलीकडं बघितलं, मग आपल्या हाताकडं. "कोळशाच्या खाणीत कोळसा दाखवला तर कसा दिसणार! चुकलं माझं. थांब, काहीतरी करतो."

चुकलं माझं. मर्लनं मान हलवली.

डाव संपल्यावर बाकावर गॅफ्नीनं एलाडिओला सगळ्यांसमोर झापलं. साध्या खुणा देता येत नाहीत, नीट दिसतील असे हात नाहीत, आणि म्हणे कॅचर. गॅफ्नीनं 'हात' शब्द ज्या सुरात उच्चारला तो सगळ्यांना कळला आणि सगळे जमिनीकडं बघायला लागले. एलाडिओ ऐकून घेत होता. तीन हातांवर मर्ल पाणी पीत होता. तिसरा पेला.

मग एलाडिओ तिकीटवाल्या बाईकडून व्हाइटनरची बाटली घेऊन आला आणि चारही नखं पांढरी करायला बसला.

"नवरी निघाली रे!" कुणीतरी ओरडलं.

"ओठ रंगवायचे राहिले!"

"जळता काय लेकांनो?" एलाडिओ नखांवर फुंकर मारत म्हणाला. "तुझ्यासाठी नटलोय, म्हाताऱ्या. आता दिसलं नाही तर लग्न मोडलं."

दुखरा अंगठा त्यानं बर्फात बुडवला आणि दात आवळले. मर्लनं दुसरीकडं बघितलं.

सहाव्या डावात पहिल्याच बॅटरनं लांब हाणला आणि पळत पिचरच्या पाठीमागच्या दुसऱ्या बेसवर जाऊन उभा राहिला. तिथून त्याला कॅचरची बोटं दिसतात. म्हणून अशा वेळी कॅचर एकापाठोपाठ चार खुणा करतो, त्यातली दुसरी तेवढी खरी. एलाडिओनं चार खुणा केल्या. मर्लला दिसलं, अंधारात एक पांढरं पाखरू फडफडतंय.

आता पाचावर धारण बसली. परत कर, असं त्यानं खुणावलं. पाखरू परत फडफडलं. शेवटी त्यानं वळता टाकला. चुकला तरी वळता हळू असतो, कुणाचा जीव घेत नाही. चुकलाच. एलाडिओनं वर हात धरला होता, चेंडू मातीत आपटून त्याच्या घोट्यावर बसला.

एलाडिओनं वेळ मागितली. तोंडावरचा जाळीचा मुखवटा डोक्यावर सारून तो आला तेव्हा हसत नव्हता. त्यानं ग्लोव्हच्या आडून, मर्लच्या छातीपासून वीतभर अंतरावर, हात धरला.

"किती?"

मर्लनं मान जराशी वाकडी केली, कोंबडी दाण्याकडं बघते तशी.

"तीन," तो म्हणाला. बरोबर होतं. पण एलाडिओ बोटांकडं बघत नव्हता, त्या मानेकडं बघत होता.

"आल्ताग्रासियामाते!" तो हळूच म्हणाला. "कधीपासून?"

"गेल्या ऑगस्टपासून."

"आणि मी पूर्ण सीझन तुझ्यासमोर तोंड घेऊन बसलोय?"

"तुझा खांदा दिसायचा. त्यावरून कळायचं. तुला कधी लागलं नाही."

"आज लागलं ना, भडव्या! शिव्या कुणी खाल्ल्या? नखं कुणी रंगवली?"

"एलाडिओ, बारा दिवस. फक्त बारा दिवस राहिलेत रे."

"आणि माझ्या हाताला किती राहिलेत? या हातावर घरी नऊ तोंडं जेवतात. मला विचारलंस?"

पंच उंचवट्याकडं यायला निघाला होता. "काय बाबांनो, पत्ते मांडताय का इथं? माझी बायको जेवायला थांबलीय."

एलाडिओनं मुखवटा खाली ओढला. "आता सगळे सरळ. एकूण एक. मला काही होणार नाही. तुझं तू बघून घे." आणि तो गेला. मागं वळून बघितलं नाही.

तुझं तू बघून घे, याचा अर्थ मर्लला लगेच कळला. एकच एक चेंडू टाकणाऱ्या पिचरला फोडून काढायला बॅटरला दोन चेंडू पुरतात. पहिला सरळ गेला. दुसरा सरळ गेला. तिसऱ्याला बॅटरनं पाय रोवले. मर्लनं हात सोडला आणि लाकडाचा आवाज आला, भरीव आणि कोरडा.

चेंडू त्याला दिसलाच नाही. कानाशी गांधीलमाशी घोंघावली, एवढंच. पुढच्या क्षणी तो पालथा पडला होता, दातांत माती होती, टोपी कुठंतरी मागं उडाली होती. चेंडू मागं लांब गवतात पोचला होता. दुसऱ्या बेसवरचा माणूस पळत येऊन धाव घेऊन गेला.

"टोपी सांभाळ, आजोबा!" प्रेक्षकांतून आरोळी आली. हशा पिकला.

मर्ल उठला. टोपी घातली. पुढचा बॅटर येऊन उभा राहिला होता. त्याला चेहरा नव्हता, नुसता डाग आणि डागाच्या कडेला बॅटचं टोक. एलाडिओनं एक बोट दाखवलं असणार. आता फक्त डावा पाय उचलायचा होता. तेरा वर्षांत लाखभर वेळा उचललेला पाय. तो उचलेना. मर्लनं त्याला मनातल्या मनात शिवी दिली, विनवणी केली. वाटत होतं की हे साऱ्या गावाला दिसतंय.

"टाक की रे!" पंच ओरडला.

मर्ल उंचवट्यावरून उतरला आणि चेंडू हातात घेऊन चालायला लागला. असं कुणी करत नाही. मॅनेजर येतो, चेंडू काढून घेतो, मगच पिचरनं जायचं असतं. गॅफ्नी धावतच आडवा आला.

"कुठं निघालास?"

"मला दिसत नाही."

"सावली सगळ्यांनाच आहे."

"डोळा गेलाय, बॉस. वर्ष झालं."

गॅफ्नीनं आधी जाळीमागच्या पांढऱ्या टोपीकडं बघितलं, मग मर्लकडं. काळजी नव्हती त्या नजरेत. भाव पडलेल्या गुराकडं बघावं तशी नजर.

"हळू बोल, गाढवा! कोपर म्हण. कोपर धर आणि तोंड वाकडं कर. कोपर बरं होतं. हिवाळ्यात तुला कुणीतरी घेईल. डोळा ऐकला तर कुत्रं विचारणार नाही."

म्हणजे बारा दिवस अजून मेले नव्हते. नुसतं कोपर धरायचं होतं. मर्लचा ग्लोव्हमधला हात खरंच कोपराकडं गेला. पुढच्या वर्षी दुसरं गाव, दुसरा कॅचर, दुसरी अक्षरं पाठ. इथं त्याला एलाडिओच्या अंगठ्याचा विचार आला, माणुसकी जागी झाली, असं लिहिलं तर ते खोटं होईल. त्याला कानाजवळचा तो आवाज आठवला. पुन्हा त्या उंचवट्यावर उभं राहायचं आणि पुन्हा तो आवाज यायची वाट बघायची. पेन्शन नसलेल्या म्हातारपणाचं त्याला भय होतंच, तेरा वर्षं होतं. पण हे भय त्याहून मोठं होतं, आणि हाडांत शिरलं होतं.

हात खाली आला.

"डोळा," मर्ल म्हणाला. मोठ्यानं म्हणाला. पहिल्या दोन रांगांतल्या माना वळल्या. "डावा डोळा गेलाय. कोपराला काही झालेलं नाही."

पांढऱ्या टोपीनं मान वर केली, वहीत काहीतरी लिहिलं, एकाच ओळीचं, आणि पेन खिशाला लावलं.

गॅफ्नीनं चेंडू त्याच्या हातातून हिसकावून घेतला.

मर्ल बाकाच्या टोकाला जाऊन बसला. शेजारची दोन माणसं उठून पलीकडं सरकली, जणू डोळा जाणं अंगाला लागतं. नवा पिचर आला. त्याच्या पहिल्याच चेंडूला बॅटचा आवाज झाला, आणि मर्ल डोक्यावर दोन्ही हात धरून बाकाखाली गेला.

"अरे, तो छपरावरून गाड्यांकडं गेला!" कुणीतरी हसत म्हणालं. "वर ये, आजोबा!"

तो वर आला. गुडघ्यांची माती झटकली. चेंडू कुठं गेला, त्याला खरंच कळलं नव्हतं.

डाव संपल्यावर एलाडिओ आला, दुसऱ्या टोकाला बसला आणि अंगठा बर्फात घातला. आता तो दुप्पट झाला होता.

"कसा आहे?" मर्लनं विचारलं.

"अजून आहे," एलाडिओ म्हणाला. मर्लकडं न बघता.

समोर पुन्हा लाकडाचा आवाज आला. मर्ल पुन्हा खाली वाकला, कपाळ गुडघ्यांना टेकेपर्यंत. या खेपेला कुणी हसलं नाही.