द्वारदर्शनाला आमदार

अभिमन आबा दुखवट्याच्या द्वारदर्शनाला येणार असा निरोप आला आणि सुनिताबाईंच्या जिवात जीव आला. नवऱ्याची राख अजून गार व्हायची होती आणि ही बाई आमदाराची वाट बघतेय! गाव काय म्हणेल? म्हणू दे. गावाने आजवर काय कमी म्हटलं होतं?

पाचोऱ्याच्या अलीकडच्या त्या गावात तिच्या नवऱ्याला, जीवरामला, 'पळपुट्या' म्हणत. कारगिलच्या डोंगरावर तो आणि अभिमन एकाच चौकीत होते. फौज सोडून आल्यावर अभिमन निवडणुकीला उभा राहिला आणि गावोगाव सांगत सुटला, की माझा जोडीदार मला टाकून पळाला, मांडीत गोळी घेऊन मी एकट्याने चौकी राखली. नाव त्याने कधी घेतलं नाही. घ्यायची गरजच काय? या भागातले तिथे दोघंच तर होते.

खरं होतं ते नेमकं उलटं. रायफल टाकून पळाला तो अभिमन. गोळी लागली ती पळताना, मागून. आणि त्या भेकडाला पाठीवर घेऊन डोंगर उतरला तो जीवराम. त्याची पाठ त्यातच कामातून गेली. पहिल्या निवडणुकीआधी अभिमन येऊन पाया पडला, "एवढी एक वेळ गप्प राहा, भाऊ." जीवराम म्हणजे भोळा सांब! राहिला गप्प. वर बायकोलाही पोराच्या, बबलूच्या, डोक्यावर हात ठेवून शपथ घ्यायला लावली. शपथ मोडली तर पोराचं बरंवाईट होईल, या धाकाने तिने तोंड शिवून घेतलं. एका निवडणुकीच्या तीन झाल्या. बबलू मात्र 'पळपुट्याना पोऱ्या' ऐकत वाढला आणि बापाशी बोलेनासा झाला. बाप गेला तेव्हा त्याच्या डोळ्यांत टिपूस नव्हतं.

शेवटच्या आजारात अभिमन दवाखान्यात आला होता. जीवरामचा हात धरून म्हणाला, "तुना दारशी, चार लोकसमा, बठ्ठं सांगी टाकसू." चार लोकांत सगळं सांगून टाकीन, हे सुनिताबाईंनी स्वतःच्या कानांनी ऐकलेलं. पोराला एकदा कळलं की झालं, बाकी गाव गेलं उडत!

गाड्या आल्या. द्वारदर्शनाला कोणी बोलत नाही. दारात यायचं, हात जोडायचे, सतरंजीवर घडीभर बसायचं आणि उठायचं. बाया घरात, पुरुष अंगणात, आणि विधवेने उंबरा ओलांडायचा नाही. पण आबा बसलेच नाहीत. लंगडत मधोमध जाऊन उभे राहिले. सुनिताबाई दाराआड, जीव कानात आणून.

"जीवरामला मी शब्द दिला होता," आबा म्हणाले, "की तुझ्या दारात मन मोकळं करेन." त्यांनी डोळ्यांना रुमाल लावला. मेल्याला रडणंही झकास जमायचं. "मरण समोर दिसलं की माणूस पळतो. जीवरामही पळाला. पण माझा त्याच्यावर राग नाही. मी त्याला माफ केलं!"

"मन असावं तर असं!" कोणीतरी म्हणालं. आणि काय सांगावं, मयताच्या अंगणात टाळ्या पडल्या हो!

सुनिताबाईंच्या अंगाची लाही झाली. शपथ गेली चुलीत! उंबरा ओलांडून ती बाहेर आली आणि आमदाराला अरेतुरे करत ओरडली, "खोटं शे! बठ्ठं खोटं शे! तूच पळना व्हता! त्यासनी तुले पाठवर आणं!"

आबांनी शांतपणे हात जोडले. "वहिनींना धक्का बसलाय. सांभाळा रे त्यांना."

बबलू उठून तिच्याकडे आला. क्षणभर तिला वाटलं, आता हा विचारेल. एकदा तरी विचारेल, माय, खरं का गं? त्याने तिचा दंड धरला, घरात ढकललं आणि बाहेरून कडी घातली.

ती दाराला कान लावून उभी राहिली. बबलूचा आवाज आला. आयुष्यात पहिल्यांदाच तो भर अंगणात बापाबद्दल बोलत होता.

"आबा, मनवर लेऊ नका," तो म्हणत होता. "बापनीच तिले हाई खोटं शिकाडेल शे."