पडताळणीचे साहेब आणि पाणीवाल्याची पोर

"साहेब, तुम्ही साहेबच आहात हे कशावरून?"

फटाकडीनं विचारलं. कुडाआड कान लावून बसलेल्या दोन मैत्रिणींनी तोंडात ओढणी कोंबली. पैज त्यांचीच होती: विचारून दाखव, आठवडाभर तुझं दप्तर आम्ही वाहू. तशीही शाळेच्या वक्तृत्वात पहिली आल्यापासून फटाकडीची जीभ म्हणजे दावं तोडलेलं वासरू.

पण वेळ थट्टेची नव्हती. तिचा बाप गावाला पाणी सोडायचा. लोखंडी चावी खांद्यावर टाकून, चिखल तुडवत, आधी वरच्या आळीचा वॉल उघडायचा, मग खालच्या आळीचा. नोकरी लागली आदिवासींच्या राखीव जागेवर. जातीचा दाखला पडताळणीला गेला तो अकरा वर्षं तिकडंच मुरत पडला. आणि आता त्याच्या हापिसाची नोटीस: पंधरा दिवसांत पडताळणी आणा, नाहीतर घरी बसा.

आज चौकशीचे साहेब यायचे म्हणून शेजारच्या शिंपीकाकानं अक्कल पाजळली होती. "वहिनी, घरात पंखा दिसला की साहेब म्हणणार, हे कसले आदिवासी! झाका सगळं." आईनं टेबलफॅन, इस्त्री, घड्याळ, सगळं धान्याच्या कणगीत कोंबलं. बापाला फाटका सदरा चढवला.

साहेब आले ते घामानं निथळत. "पंखा नाही का हो?"

बाप आईकडं बघतो, आई आढ्याकडं.

तेवढ्यात कणगीत गजर कोकलला. खालच्या आळीच्या पाण्याची वेळ! बाप सवयीनं ताडकन उठला.

"तुमचं धान्य बोलतं वाटतं?" साहेबांनी झाकण उचललं आणि घड्याळ बाहेर काढलं. त्यामागून पंखाही निघाला. साहेबांचा आवाज चढला. "ही लपवाछपवी करता, मग दाखला तरी खरा कशावरून? बसा खाली. जबाब झाल्याशिवाय हलायचं नाही."

बापाचं तोंड एवढंएवढंसं झालं. तेव्हाच फटाकडीनं पैजेचा सवाल टाकला होता.

"काय म्हणालीस?"

"ओळखपत्र दाखवा की साहेब."

साहेबांनी वरचा खिसा चाचपला, मग खालचा, मग पिशवी उलटी केली. "जुन्याची मुदत संपली. नवीन मागितलंय. चार महिने झाले, आलं नाही."

"मग तोवर तुम्ही कोण?"

"कोण म्हणजे? साहेबच! कागद त्यांच्याकडं अडकला, त्यात माझा काय दोष?"

"एवढंच लिहा की बाबांच्या जबाबात."

आईनं कपाळाला हात लावला. बाहेर खालच्या आळीतनं आरोळी आली, "अहो पाणीवाले, नळाला नुसता वारा येतोय! मेलात का जिवंत?"

साहेबांनी पंख्याची पिन भिंतीवरच्या बोर्डात खोचली, सदऱ्याचं वरचं बटण सोडलं आणि एकदम हसले. "पोरगी नाही, वकील आहे! अहो, नियम तोच आहे. निर्णय लागेपर्यंत कामावरनं काढता येत नाही. तुमच्या हापिसातल्या बाबूनं वाचला नसेल."

"तोंडी नको साहेब. बाबूला तोंडी ऐकू येत नाही."

साहेबांनी लिहिलं: 'विलंब आमच्या कार्यालयाचा. निर्णय होईपर्यंत कामावर ठेवावे.' खाली सही ठोकली. बाप चावी उचलून धूम पळाला.

"अहो, सदरा तरी बदला!" आई ओरडली. ऐकतो कोण! फाटका सदरा फडफडत खालच्या आळीला लागला, आणि तिथल्या बायकांनी पाण्याआधी त्यालाच धुतला.

दुपारी बाप परतला, पायाचा चिखल खरवडत टेकला. आईनं पाण्याचा तांब्या दिला. फटाकडी दोघांच्या पुढ्यात कमरेवर हात ठेवून उभी राहिली.

"आई, बाबा, माझं ठरलंय. उद्या शाळा बुडवून मी माझ्या दाखल्याच्या पडताळणीचा अर्ज टाकणार."

"आत्तापासून? अजून दहावी व्हायचीय तुझी!"

"आज टाकला तर कुठं पंचविशीत हातात येईल. मग मी त्याच पडताळणीच्या हापिसात नोकरीला लागणार. आणि बाबा, तुमचा कागद तोवर तिथंच पडलेला असला, तर पहिली सही त्याच्यावर!"