मेबल म्हणजे डावीकडे

मी पट्टी बोलतेय. कपाळावरची नव्हे, मनगटावरची. काळी, रुंद, ओढली की ताणणारी, आणि पोटाशी प्लॅस्टिकची एक खिडकी असलेली. त्या खिडकीत डावांची चिठ्ठी सरकवायची आणि मैदानात मान खाली घालून वाचायची, एवढ्यासाठी माझा जन्म. चिठ्ठ्या बदलल्या, गावं बदलली, मनगट मात्र एकच राहिलं. लायल कोपेकीचं, डावं.

लायल क्वार्टरबॅक. म्हणजे कुठला डाव खेळायचा ते ओरडून सांगणारा आणि चेंडू सगळ्यांत आधी हातात घेणारा. खेळाचं नाव फुटबॉल, पण पायाला चेंडू लागतो कधीमधी. नाव ठेवताना मला कुणी विचारलं नव्हतं, तेव्हा तक्रार माझ्याकडे आणू नका.

कारखाना मला आठवत नाही. आठवतं ते नेब्रास्कातलं एक लहानसं दुकान आणि शेजारी टांगलेले मोजे. तिथून मला मार्लाने उचललं. तेव्हा ती लायलची बायको नव्हती, नुसती वर्गातली मुलगी होती. "ह्याला काल काय जेवला ते आठवत नाही," ती दुकानदाराला म्हणाली, "डाव कुठले आठवायला?" लग्नाआधी नवरा इतका ओळखलेली दुसरी बाई मी पाहिली नाही.

पहिल्या संघाने लायलला हौसेने घेतलं. दुसऱ्याने अडचण होती म्हणून घेतलं. त्यानंतरच्यांनी घेतलं ते घरात जास्तीची छत्री असावी म्हणून. बॉइसी, स्पोकेन, डेटन, मग तल्सा, आणि तल्सानंतर आणखी कुठे कुठे. सगळीकडे काम एकच: डोक्याला टोपी घालायची, रेघेबाहेर उभं राहायचं, आणि मुख्य क्वार्टरबॅक खेळताना मान डोलवायची. मान डोलवण्यात आमचा लायल पटाईत होता. माझ्या ओळखीच्या पट्ट्या घामाने कुजून गेल्या, मी मात्र कोरडी ठणठणीत राहिले.

पण नाडीवर बसलेल्याला सगळं कळतं. मुख्य खेळाडू लंगडला की मैदान हळहळायचं. लायलही हळहळायचा, खोटं नाही सांगत. पण हळहळता हळहळता त्याची नाडी पोरासारखी उड्या मारायला लागायची. हे फक्त मला ठाऊक होतं, आणि मी चुगलखोर नाही.

आमच्यात मंगळवार वाईट. मंगळवारी सकाळी संघाचा एक माणूस दाराशी येतो आणि फार गोड आवाजात म्हणतो, "कोचने बोलावलंय. येताना डावांची वही घेऊन ये." वही आण म्हटलं की समजायचं, इथला शिधा संपला. वही परत करायची, हात मिळवायचा आणि घरी जाऊन बायकोला सांगायचं.

मार्ला नुसतं विचारायची, "कुठलं गाव?"

रडारड नाही, आदळआपट नाही. पण तिचं एक खूळ होतं. प्रत्येक गावात, भाड्याच्या प्रत्येक घराच्या परसात, ती शतावरीच्या कोंबांची भाजी लावायची. ही भाजी मोठी मानी. मुळ्या लावल्या की पहिली दोन वर्षं तिला हात लावायचा नाही. तिसऱ्या वसंतात कोंब तोडायचे, मग पुढे वीस वर्षं खात राहायचं. आम्ही कुठल्याच गावात तिसरा वसंत पाहिला नाही. मार्लाने लावलेली भाजी आज कितीतरी अनोळखी माणसं लोणी घालून खात असतील.

"मेथी लावावी माणसाने, मुळा लावावा," असं मला म्हणावंसं वाटे. पण ती हट्टी होती. पुढच्या गावासाठी रिकामी खोकी जपून ठेवणारी बाई तीन वर्षांची भाजी लावते, यात काय समजायचं ते समजा.

मग टोलेडो आलं. तिथे काय झालं कोण जाणे, दोन वसंत निघून गेले आणि वही कुणी मागितली नाही. तिसरा वसंत आता एका हिवाळ्यापलीकडे होता. मार्ला परसात जाऊन उभी राहायची.

नोव्हेंबरातल्या एका रविवारी, सामन्याच्या मध्यावर, आमच्या तरण्या क्वार्टरबॅकचा घोटा मुरगळला. कोच प्रुइट टोपी काढून लायलजवळ आला.

"आजोबा, टोपी काढ. उतर."

छत्तिशीतल्या लायलला सगळा संघ आजोबाच म्हणायचा.

"आणि नीट ऐक," कोच म्हणाला, "आज हरलो तर मंगळवारी मला दुसरा माणूस बघावा लागेल. मला तू आवडतोस. पण वरचे लोक आवडीनिवडी विचारत नाहीत."

लायलने मान डोलावली. नाडीने काय केलं ते सांगत नाही.

तो बरा खेळला. खरं सांगायचं तर फार बरा खेळला. शेवटचा डाव उरला तेव्हा आम्ही थोडेसेच मागे होतो आणि सीमारेषा पाच पावलांवर होती; चेंडू तिच्यापलीकडे नेला की जिंकलो. समोर पाहताच लायलच्या लक्षात आलं की ठरलेला डाव चालायचा नाही. डावा कोपरा मोकळा होता. अशा वेळी क्वार्टरबॅक आयत्या वेळी परवलीचा शब्द ओरडून डाव बदलतो.

आता दर बारा कोसांवर भाषा बदलते म्हणतात, तसं आमच्यात दर संघाला शब्द बदलतात. तल्सामध्ये 'मेबल' म्हणजे डावीकडच्या कोपऱ्यात फेक. टोलेडोत 'मेबल' म्हणजे सगळ्यांनी उजवीकडे पळा. खिडकीत चिठ्ठी होती, स्वच्छ अक्षरात. पण बघेल तर तो लायल कसला?

"मेबल!" लायल ओरडला. "मेबल! मेबल!"

चेंडू हातात आला. लायल डावीकडे वळला, हात उगारला, आणि पाहतो तर तिकडे चिटपाखरू नाही. त्याचे दहाच्या दहा गडी उजवीकडे पळत सुटलेले. त्यांच्यामागे समोरचा जवळजवळ सगळा संघ. मैदान एका बाजूला कलंडलं की काय असं मला वाटलं.

समोरच्यांपैकी एकच गडी डावीकडे पाय रोवून उभा होता. ओटिस ग्रीनली. लायलचा तल्सातला जुना सोबती, तिथे दोघं एका बाकावर बसून एकमेकांचे डबे खायचे. ओटिसने तल्साची मेबल ओळखली. "फेक येतेय!" असं गरजत, पाठ फिरवून, तो मागच्या कोपऱ्याकडे चेंडू अडवायला धावला. लायलसमोर रस्ता मोकळा झाला.

मग आमचे आजोबा स्वतःच निघाले. त्याला धावणं म्हणायचं की काय ते पाहणाऱ्याने ठरवावं. पाच पावलांना भर उन्हात दळण आणायला निघाल्यासारखा वेळ लागला. पण रेघेपलीकडे तो पडला, चेंडूसकट, आणि मी चिखलात. आयुष्यात पहिल्यांदा मी चिंब झाले.

लोक छपरापर्यंत ओरडत होते. ओटिस मात्र तणतणत आला आणि लायलला गवतावरून उचलून म्हणाला, "गाढवा! ती तल्साची मेबल होती ना?"

"तल्साचीच रे. चुकून आली तोंडात."

"म्हणजे तू चुकलास म्हणून मी चुकलो? अरे, मला वाटलं, एवढ्या वर्षांत एक तरी शब्द नीट पाठ झाला असेल ह्याला!" आणि मग दोघं एकमेकांच्या गळ्यात पडून हसत सुटले.

सोमवारी सगळ्या संघाला सामन्याचं चित्रीकरण दाखवतात. वर्तमानपत्रांनी लायलला तोवर कावेबाज ठरवलं होतं. कोचने चित्र थांबवलं. "आजोबा, ही युक्ती कधी सुचली?"

ऐनवेळी सुचली म्हणाला असता तर कुणाला कळणार होतं? माझ्याखाली नाडी जराशी अडखळली. मग तो म्हणाला, "युक्ती नव्हे, कोच. मी गाव विसरलो."

खोली हसून लोटपोट झाली. कोच प्रुइट तेवढा हसला नाही. विचारात पडला.

मंगळवारी सकाळी दार वाजलं. गोड आवाज आला, "कोचने बोलावलंय. वही घेऊन ये."

मार्लाने गॅरेजातून रिकामी खोकी काढली.

पण कोचने वही घेतली नाही. "तुझ्या डोक्यात सगळ्या गावांच्या बोलींची खिचडी झालीय," तो म्हणाला. "मैदानात ती धोक्याची. पण समोरचे काय ओरडतात ते सांगणारा माणूस मला माझ्या शेजारी हवाय. खेळायचं नाही, ऐकायचं. हवी तितकी वर्षं राहा. आणि हे बघ, लपवत नाही, बॉइसीहून फोन आलाय. त्यांना खेळायला क्वार्टरबॅक हवाय. तू ठरव."

परत येताना गाडीत त्याची नाडी मी ऐकत होते. बॉइसी म्हटलं की उडत होती. किती वर्षांची ओळख, मला तिची कीव आली.

घरी मार्ला उंबऱ्यात उभी. "कुठलं गाव?"

लायल थेट परसात गेला. शतावरीची झुडपं थंडीने पिवळी पडली होती. ती मुळाशी कापून वर पेंढा पसरायचा असतो, म्हणजे मुळं हिवाळा काढतात. निघून जाणारा माणूस हे करत नाही. लायल गुडघ्यांवर बसला. मला मनगटावरून काढून कुंपणाच्या खुंटीला अडकवलं आणि कात्री मागितली.

मार्लाने कात्री आणून त्याच्या हातात ठेवली. "लायल, खेळ?"

"मेबल," तो म्हणाला.

"म्हणजे डावीकडे की उजवीकडे?"

"सगळे पळाले तरी आपण इथेच."

ती तिथेच पेंढ्यावर बसली आणि रडली. एवढ्या गावांत मी तिला रडताना पहिल्यांदा पाहिलं. मग उठली, घरात गेली, आणि खोकी फोडून त्यांचे पुठ्ठे वाफ्याभोवती लावले, तण येऊ नये म्हणून.

आता मे महिना आहे. सरावाला लायल कोचशेजारी उभा राहून कान देतो, अजून कधीकधी गाव चुकतो. रिकाम्या मनगटावर माझा पांढरा वण आहे, त्यावर बोलता बोलता अंगठा फिरवतो. आणि मी? मी स्वयंपाकघरात आहे. कोवळे हिरवे कोंब तोडून आणले की मार्ला त्यांची जुडी करते आणि भोवती मला चढवते. काल ओटिस जेवायला आला होता. तीन वेळा वाढून घेतलं आणि तल्साच्या मेबलच्या नावाने बोटं मोडत गेला.

जुडीला नाडी नसते. सुरुवातीला चुकल्याचुकल्यासारखं वाटलं, नाही म्हणत नाही. पण मार्लाची बोटं मला ओढतात तेव्हा तिची लागते, आणि ती अगदी शांत चालते. ती इतकी शांत मी त्या दुकानातल्या दिवसापासून कधी ऐकली नव्हती.

एकच विनंती आहे, मार्लाबाई. उकळत्या पाण्यात जुडी सोडण्याआधी मला आठवणीने काढत जा. विसरण्याचं काम घरात एकाकडेच असू दे.