बिनमोबाईलची पोरगी

लोणी भापकरात कुणाचा फोन अडला की तो उत्कर्षाकडंच यायचा. सातबारा काढायचा असो, गॅसची केवायसी असो, नाहीतर कुणाच्या सासूचे फोटो चुकून उडालेले असोत. बारामतीच्या कॉलेजात बीसीएसच्या शेवटच्या वर्षाला असलेली ही पोर भाकरी थापता थापता एका बोटानं काम उरकायची. आणि त्याच पोरीबद्दल तिचे वडील आबासाहेब इंदापूरच्या पाहुण्यांना छातीठोकपणे सांगून बसले होते, की आमच्या लेकीच्या हातात मोबाईल न्हाय. कॉलेजात काय कम्प्युटर असंल, तेवढाच.

पाहुण्यांची अटच तशी. रीलवाली सून त्यांना नको होती. मग बोललेलं खरं करायला नको? आबासाहेबांनी बघण्याच्या दिवशी सकाळीच तिचा फोन लोखंडी कपाटात टाकला आणि किल्ली खिशात घातली. नेमकी त्याच दिवशी तीन वाजता पुण्याच्या एका कंपनीची ऑनलाइन मुलाखत होती. सगळ्या परीक्षा पार करून ती इथवर आलेली. तिनं वडलांना दोनदा सांगितलं. नोकरी काय पळून जाती व्हय, म्हणाले. परत सांगावं असं तिला वाटलं नाही. दाढ काढायच्या आधी डॉक्टर सुई देतात ना, तसं आतून बधिर होत गेलं.

सकाळी पोह्यांना येणारे पाहुणे आले अडीचला. मुलगा अविराज तिच्या चुलत्यांबरोबर डाळिंबाची बाग बघायला गेला. त्याच्या आईला मात्र आपल्या लेकीला व्हिडिओ कॉलवर पोरगी दाखवायची होती, आणि फोन काही केल्या लागेना. तिनं तो उत्कर्षापुढं धरला. "बघ गं बाई, कॉलेजात कम्प्युटर शिकतीस ना. नेटच गेलंय."

उत्कर्षानं फोन हातात घेतला. वर कोपऱ्यात विमानाची खूण होती. कुठंतरी बोट लागलं असणार. एकदा टेकवायचं, झालं. नेट चालू म्हणजे मेल, मेलमध्ये मुलाखतीची लिंक, पासवर्ड तर तोंडपाठ. घड्याळात तीन वाजत आले होते. मावशी, थोडा वेळ फोन देता का, एवढंच म्हणायचं होतं.

आबासाहेब तिच्याकडं बघत होते. डोळ्यांत राग नव्हता, बिचारे घाबरले होते. शेजारच्या जरिनाभाभी, ज्यांच्या फोनमधलं सगळं हिनंच घालून दिलेलं, त्या मान खाली घालून पोह्यातले शेंगदाणे वेचत बसल्या.

"मला यातलं काय कळत न्हाय, मावशी," उत्कर्षा म्हणाली आणि फोन परत दिला.

मुलाची आई खुललीच. अशी साधी पोरगी दिवा घेऊन शोधली तरी सापडायची नाही, म्हणाली. उत्कर्षानं कपबशा उचलल्या, विसळल्या, पालथ्या घातल्या. रडू येईल असं वाटलं होतं, तेही आलं नाही. संध्याकाळी कपाट उघडलं तेव्हा फोनवर कंपनीचे मिस्ड कॉल होते आणि एक मेल, की आपण उपस्थित नव्हता. पुढं तो फोन आबासाहेबांनी चुलत्यांना देऊन टाकला.

लवकरच साखरपुडा झाला. साडीच्या ताटात एक खोकं होतं. नवाकोरा फोन, आत एकच नंबर, अविराजचा. आता आमचीच झाली, पोराशी बोलायला नको का, असं त्याची आई सगळ्यांना सांगत होती. अविराज तिच्याशेजारी बसून एकेक गोष्ट समजावत होता. माणूस वाईट नव्हता, हेच तर अवघड.

"हे वर विमान हाय ना, ते चुकून लागलं की नेट बंद पडतं. मग हितं दाबायचं. त्या दिवशी आईच्या फोनला तेच झालं होतं." त्यानं मुद्दाम विमान लावलं आणि फोन तिच्यापुढं केला. "दाखव बरं."

तिनं तो सांगेल तिथं बोट ठेवलं. विमान गेलं.

"लवकर शिकतीस की," अविराज म्हणाला.