खोलीचा आवाज

"आता एक मिनिट कुणी बोलायचं नाही. खोलीचा आवाज घेतोय," तिपाई म्हणाला.

"खोलीला कसला आलाय आवाज? तिला काय तोंड आहे?" त्याचे वडील करवादले, पण गप्प बसले.

तिपाई हे त्याचं टोपणनाव; तो माहितीपट करायचा. इतका काटकुळा, की एकदा कॅमेरा चुकून त्याच्याच डोक्यावर बसवला गेला म्हणतात. मी निम्मंच खरं धरतो. धर्म आणि राजकीय विचार एका घरात कसे नांदतात, यावर अकरा वर्षं त्याचा एकच माहितीपट चालला होता. घर त्याचंच. वडील पक्षाचे जुने कार्यकर्ते, देव न मानणारे, काका प्रवचनकार. सख्खे भाऊ, पण दोघांतून विस्तव जात नव्हता. मुलाखती वेगवेगळ्या खोल्यांत, आणि प्रत्येकीनंतर ही मिनिटभराची शांतता टिपायची. पुढे संकलनात तुकड्यांमधले सांधे झाकायला लागते.

त्या मिनिटात वडिलांची नजर वारलेल्या बायकोच्या फोटोवर गेली आणि ओठ हलले. ती रोज म्हणायची तीच प्रार्थना, शब्दन् शब्द.

"कॅमेरा चालू होता?"

"होता."

"कुणाला दाखवायचं नाही. मी गेल्यावर तर मुळीच नाही."

"बाबा, अख्ख्या फिल्मचा जीव तेवढ्यात आहे."

"मग मरू दे तिला."

आधी वडीलच गेले. उशाशी कार्यकर्ते झेंडा घेऊन, पायथ्याशी काका प्रार्थनेचं पुस्तक घेऊन.

"आयुष्यभर देव मानला नाही त्यांनी! पुस्तक आत ठेवा."

"माझा भाऊ आहे तो, तुमची शाखा नव्हे!" काका तिपाईकडे वळले. "अरे, तुझ्याकडे अकरा वर्षांचं शूटिंग आहे. दादानं एकदा तरी देवाचं नाव घेतलं असेल ना? मूग गिळून काय बसलायस?"

"तसलं काही नाही माझ्याकडे," तिपाई म्हणाला. कॅमेऱ्यापुढे खोटं बोलणारे त्याने आजवर पुष्कळ पकडले होते. त्याला कुणी पकडलं नाही.

"बघा!" कार्यकर्ते ओरडले. काकाही ओरडले. झेंड्याची काठी पुस्तकाला लागली.

तिपाईने माईक उचलला. "एक मिनिट. खोलीचा आवाज घेतोय."

अकरा वर्षांची सवय. सगळे जागच्या जागी गप्प. पाल चुकचुकली असती, तर तीही माफी मागून गेली असती. झेंडा खाली आला, पुस्तक मिटलं. काकांनी हळूच भावाचं पाऊल हातात धरलं.

मिनिट संपलं. मग दुसरंही संपलं.

माईकची वायर कशालाच जोडलेली नव्हती.