न विचारता पुकारलेलं नाव

मित्रांनो, घाटनांदूरच्या शिवशंकर मंडपवाल्याच्या दुकानात खिळ्याला टांगलेला जुना भोंगा म्हणजे मी. आवाज फाटलाय, कड चेपलीय आणि आज माझं डोकं फिरलंय. गोड बोलण्याची अपेक्षा ठेवू नका.

एका कारागिराने पत्रा ठोकून मला घडवलं. शिवशंकर मला रोज फडक्याने पुसायचा. मी लग्नात पाहुण्यांना अक्षतांना बोलावलं, परळीच्या जत्रेत चुकलेली लेकरं आयांच्या हाती दिली. लोक कौतुक करायचे. मग मोठे साउंड बॉक्स आले आणि माझ्या वाट्याला नुसती आंदोलनं उरली.

आमच्याकडे रस्ता रोकोची तऱ्हाच न्यारी. पोलिसांनी गुन्ह्यात नाव लिहून घेतलं की लोकांना तो मान वाटतो. पेपरात नाव येतं, पुढारी ओळख देतो. काही वर्षांपूर्वी गावातला विजेचा डीपी जळाला, दुरुस्त कुणी करेना, तेव्हा अमरसिंह पुढाऱ्याने रस्ता अडवला. जमादार नावं लिहायला लागला तसा अमरसिंहाने माईक गर्दीत पुढे उभ्या असलेल्या सुंदररावांपुढे धरला.

"काका, तुमच्या घरचं कोण?"

"आमच्या पोराचं, अंगदचं नाव लिवा," सुंदरराव छाती फुगवून म्हणाले. माझ्यातून ते नाव गावभर गेलं, टाळ्या पडल्या. अंगद त्या वेळी परळीच्या थर्मल वीज केंद्रात वेल्डिंग करत होता. त्या पोराला पत्ताही नव्हता. आणि अमरसिंह? निवेदन द्यायला जातो म्हणून गाडीत बसला आणि पसार झाला. त्याचं नाव कुठेच नाही. तोंड माझं वापरायचं आणि निस्तरायचं दुसऱ्याने, असा हा धंदा.

पुढे अंगदच्या नावाने कोर्टाचं समन्स आलं. सुंदररावांनी ते अमरसिंहाच्या हाती दिलं. "राजकीय गुन्हा हाय काका, सरकार मागं घेतंय," तो म्हणाला. सुंदररावांनी घरात चकार शब्द काढला नाही.

यंदा अंगदला ओमानमध्ये वेल्डरचं काम लागलं. त्याने पासपोर्टचा अर्ज भरला. तुमच्यावर फौजदारी खटला चालू आहे का, या प्रश्नाला बिचाऱ्याने सरळ 'नाही' म्हटलं. पोलीस पडताळणीत खटला निघाला. पासपोर्ट अडकला आणि वर माहिती लपवल्याचा ठपका बसला. त्या दिवशी तो दुकानापुढच्या बाकड्यावर बसलेल्या बापासमोर उभा होता.

"कावून दिलं माझं नाव? मी तिथं होतो का?"

"सगळेच देत हुते रे," सुंदरराव मान खाली घालून म्हणाले. मला त्यांची कीव आली नाही, रागच आला.

वकील म्हणाले, कोर्टाची परवानगी आणली तर ठरावीक मुदतीचा पासपोर्ट मिळू शकतो. पण खटल्यातून सुटायचं तर अंगद तिथे नव्हता, असं कुणीतरी कोर्टात सांगायला पाहिजे. दोन्हीला वेळ लागणार होता आणि ओमानवाले फार थांबणार नव्हते. साक्ष द्या म्हणायला सुंदररावांनी अमरसिंहाच्या घरी खेटे घातले. साहेब दुबईला फिरायला गेलेत, असं उत्तर मिळालं.

काल साहेब परतले आणि गावाने त्यांचा सत्कार ठेवला. तिथेही मलाच बांधलं, गळ्यात झेंडूचा हार घालून! 'परदेश दौऱ्याहून आलेले आपले लाडके' असं काहीबाही मी ओकत होतो. तेवढ्यात सुंदररावांनी माईक ओढला.

"अमरसिंह, आमचा अंगद त्या दिवशी रस्त्यावर नव्हता. त्याचं नाव मी दिलं. मी चुकलो. म्या कोर्टात सांगतो, पण बापाचं कोन ऐकंल? तुमी बी चला."

अमरसिंह हसला आणि त्याने शिवशंकरला खूण केली. माझी वायर निघाली. सुंदरराव बोलतच राहिले, पण पहिल्या रांगेपलीकडे कुणाला काही ऐकू गेलं नाही. अमरसिंह पहिल्याच रांगेत होता. त्याने सगळं ऐकलं आणि नारळ घेऊन उठला.

आज सकाळी ओमानच्या जागेवर दुसऱ्याला घेतल्याचा फोन आला. अंगद डबा घेऊन परळीला कामावर गेला.

मित्रांनो, मला पुसू नका, हार तर मुळीच घालू नका. गंजून पडेन, चालेल मला. फक्त माझ्यासमोर कुणाचं नाव घेण्याआधी त्या माणसाला विचारा. अंगदला कुणीच विचारलं नव्हतं.